जड अ‍ॅपटाऊ: पिक्चर चांगलेच आहेत, पण डॉक्युमेंटरी बघाच

अमेरिकन कॉमेडी पिक्चर काढणाऱ्या जड अ‍ॅपटाऊचं नाव काढलं की लोकांना 'फॉर्टी इयर ओल्ड व्हर्जिन' आठवतो, 'नॉक्ड अप' आठवतो, कुणाला 'सुपरबॅड' आठवतो (त्याचा तो डायरेक्टर नाही, प्रोड्युसर आहे), आणि मग गप्पा शिव्या, गांजा आणि रिकामटेकड्या पोरांच्या विनोदांवर जाऊन थांबतात. माझं मत वेगळं आहे आणि ते आधीच सांगून टाकते, म्हणजे ज्यांना पुढचं एवढं सगळं वाचायचं नाही त्यांचं काम होईल. या माणसाचं सगळ्यात भारी काम त्याच्या डॉक्युमेंटरींमध्ये आहे, आणि त्यातल्या दोन तर अजिबात सोडू नका: 'द झेन डायरीज ऑफ गॅरी शँडलिंग' (२०१८) आणि 'जॉर्ज कार्लिन्स अमेरिकन ड्रीम' (२०२२). दोन्ही अमेरिकन स्टँडअप कॉमेडियनवर, दोन्ही एचबीओच्या, दोन्ही दोन-दोन भागांच्या, आणि दोन्हींना त्या त्या वर्षी डॉक्युमेंटरी स्पेशलचं एमी (अमेरिकन टीव्हीतला मोठा पुरस्कार) मिळालंय. आधी शँडलिंगची बघा, मग कार्लिनची. हाच क्रम का ते खाली येईलच.

मुळात हा माणूस मुलाखत घेणारा आहे. जन्म १९६७ चा, न्यूयॉर्कजवळ लाँग आयलंडवर सायोसेट नावाच्या गावात वाढला, आईवडिलांचा घटस्फोट झालेला, आई एका उन्हाळ्यात एका कॉमेडी क्लबमध्ये कामाला होती आणि तिथे ह्याला नाद लागला तो लागलाच, पुढे स्वतः एका क्लबात भांडी घासायला राहिला, का तर स्टँडअपवाल्यांना जवळून बघता येईल. शाळेचं एक रेडिओ स्टेशन होतं, ते ऐकू जायचं कुठवर तर शाळेच्या आसपास, पण ह्या पोराने त्या रेडिओचं नाव सांगून कॉमेडियन लोकांच्या ऑफिसात फोन लावायला सुरुवात केली. रेडिओवाला येतोय म्हणून समोरचा वेळ द्यायचा आणि मग दारात बघतो तर पंधरा-सोळा वर्षांचा मुलगा टेपरेकॉर्डर घेऊन उभा! जेरी साइनफेल्ड, जे लेनो, हॅरॉल्ड रेमिस, गॅरी शँडलिंग, सगळ्यांना गाठलं ह्याने. आणि विचारायचं काय, तर विनोद लिहिता कसा, एक चांगला जोक तयार व्हायला किती दिवस जातात, लोक हसलेच नाहीत तर त्या रात्री घरी जाऊन काय करता. ह्या मुलाखती आणि नंतर मोठेपणी घेतलेल्या अशा सगळ्या मिळून २०१५ मध्ये 'सिक इन द हेड' नावाचं पुस्तक आलं. ते पण घ्या, ज्याला लिहायचंय किंवा स्टेजवर उभं राहायचंय त्याच्यासाठी तर फारच कामाचं आहे.

मी हे एवढं सविस्तर का सांगतेय, तर पुढचं सगळं करिअर ह्यातूनच निघालंय असं मला मनापासून वाटतं. प्रश्न विचारायचा, मग गप्प बसून ऐकायचं, आणि समोरच्याला त्याचं स्वतःचं आयुष्य सांगायला लावायचं. पिक्चर काढताना पण ह्याने हेच केलंय.

करिअरची सुरुवात बघितली तर आपटीच आपटी आहे. कॉलेज अर्धवट सोडलं, लॉस एंजेलिसमध्ये अ‍ॅडम सँडलरबरोबर एका खोलीत राहिला, स्वतः स्टँडअप करायचा पण मित्र आपल्यापेक्षा भारी आहेत हे कळल्यावर दुसऱ्यांसाठी लिहायला लागला. १९९२ मध्ये बेन स्टिलरबरोबर 'द बेन स्टिलर शो' काढला, फॉक्सने तो एका सिझनमध्ये गुंडाळला, आणि बंद पडल्यावर त्याच शोला लेखनाचं एमी मिळालं. मग १९९९ मध्ये पॉल फीगने लिहिलेली 'फ्रीक्स अँड गीक्स'. १९८० सालच्या मिशिगनमधल्या शाळेतल्या पोरांची गोष्ट, इतकी खरी आणि इतकी मायेने केलेली सिरीज मी फार कमी बघितलीय. एनबीसीने अठरापैकी बाराच एपिसोड दाखवून बंद केली. मग 'अनडिक्लेअर्ड', ती पण एकाच सिझनमध्ये गेली. दुसरा कुणी असता तर गाव सोडून गेला असता. ह्याने काय केलं, तर त्या बंद पडलेल्या सिरीजमधली पोरं सोडली नाहीत. सेथ रोगन, जेसन सीगल, मार्टिन स्टार, ह्यांना लिहायला बसवलं, पुन्हा पुन्हा कामं दिली, आणि २००५ मध्ये 'फॉर्टी इयर ओल्ड व्हर्जिन' चालला तेव्हा तीच पोरं पुढच्या पाच-सात वर्षांच्या अमेरिकन कॉमेडीचे चेहरे झाली.

आता शँडलिंगवर येऊ.

गॅरी शँडलिंग आपल्याकडे फारसा कुणाला माहीत नाही, म्हणून थोडं सांगते. अमेरिकेत रात्री उशिरा जे टॉक शो लागतात ना, सूट घातलेला होस्ट आणि शेजारी सोफ्यावर पाहुणे, तशा एका काल्पनिक शोच्या पडद्यामागची सिरीज ह्याने केली, 'द लॅरी सँडर्स शो', १९९२ ते १९९८. मागे हसण्याचे रेकॉर्ड केलेले आवाज नाहीत, खरे स्टार स्वतःच्याच नावाने येऊन स्वतःचीच वाईट बाजू दाखवतायत, आणि मुख्य पात्र इतकं असुरक्षित की एपिसोड संपल्यावर पलंगावर बसून स्वतःचाच शो बघतंय. पुढे 'द ऑफिस'सारख्या ज्या सिरीज आल्या त्यांची पाळंमुळं इथे आहेत. अ‍ॅपटाऊने आधी शँडलिंगसाठी ग्रॅमी सोहळ्याचे जोक लिहिले, मग ह्या सिरीजमध्ये लिहायला लागला, आणि आयुष्यात पहिल्यांदा डायरेक्शन केलं ते पण ह्याच सिरीजच्या एका एपिसोडचं. म्हणजे सरळ सरळ गुरू. आणि शँडलिंग २४ मार्च २०१६ ला अचानक गेला, वय ६६. श्रद्धांजलीच्या कार्यक्रमासाठी अ‍ॅपटाऊ जुने व्हिडिओ गोळा करायला बसला आणि त्यातून ही साडेचार तासांच्या आसपासची डॉक्युमेंटरी उभी राहिली.

तिचा गाभा म्हणजे शँडलिंगच्या डायऱ्या. हा माणूस वर्षानुवर्षं डायरी लिहायचा, त्यात जोक फार कमी आणि स्वतःला दिलेल्या सूचनाच जास्त. स्टेजवर जसा आहेस तसा उभा राहा, राग सोड, लोकांना काय वाटेल ते सोड, अशा धाटणीच्या. बौद्ध ध्यानधारणेचा त्याचा अभ्यास होता, म्हणून नावात झेन. डायरीतली पानं पडद्यावर येतात, त्याचं ते तिरकं अक्षर दिसतं, आणि त्याच वर्षातला त्याचा टीव्हीवरचा हसरा चेहरा शेजारी. एकीकडे अख्खा देश ह्याला बघून हसतोय आणि दुसरीकडे हा स्वतःला समजावतोय की बाबा रे घाबरू नकोस.

मूळ जखम बालपणातली आहे. अ‍ॅरिझोनात टुसॉनला वाढत होता, मोठा भाऊ बॅरी सिस्टिक फायब्रोसिस नावाच्या आजाराने गेला तेव्हा गॅरी दहा वर्षांचा होता. घरच्यांनी त्याला अंत्यविधीला नेलं नाही. नीट बसून कुणी सांगितलं पण नाही. आई मग ह्या एका मुलाला इतकी चिकटली की त्याचा जीव गुदमरला. ही गोष्ट डॉक्युमेंटरीत एकदा येऊन संपत नाही, ती परत परत येते, त्याच्या प्रेमप्रकरणात येते, लग्न न करण्यात येते, लोकांवर विश्वास न ठेवण्यात येते. आणि शेवटाकडे त्याने भावाला उद्देशून लिहिलेलं जे समोर येतं, ते बघताना मला रडू आवरलं नाही. अ‍ॅपटाऊ तिथे संगीत चढवत नाही, कुणा स्टारला आणून रडवत नाही. कागद दाखवतो आणि आपल्याला तो वाचायला वेळ देतो.

अजून एक प्रसंग. १९७७ मध्ये शँडलिंगला गाडीचा मोठा अपघात झाला, तेव्हा तो टीव्ही सिरीजचा लेखक होता, पैसे चांगले मिळत होते. हॉस्पिटलात मरता मरता वाचला, आणि तो सांगायचा की त्या अवस्थेत कुणीतरी विचारलं की तुला गॅरी शँडलिंगचं आयुष्य पुढे जगायचंय का, आणि तो हो म्हणाला. बरा झाल्यावर लेखनाची बांधलेली नोकरी सोडून स्टँडअपला लागला. हे सांगायला साधं आहे पण डॉक्युमेंटरीत ते अशा जागी ठेवलंय की नंतरचे सगळे निर्णय, अगदी खराखुरा लेट नाइट शो चालून आला असताना नाही म्हणणं, हे त्या एका 'हो'शी जोडलेले वाटतात.

आता क्रमाचं कारण. शँडलिंग एकोणीस वर्षांचा असताना, इंजिनिअरिंग शिकत होता तेव्हा, स्वतः लिहिलेले विनोद घेऊन टुसॉनहून फिनिक्सला दोन तास गाडी चालवत गेला, कारण तिथे एका क्लबात जॉर्ज कार्लिनचा कार्यक्रम होता. कार्लिन तेव्हा टीव्हीवरचा मोठा माणूस. त्याने कागद ठेवून घेतले, दुसऱ्या दिवशी ये म्हणाला. पोरगा पुन्हा दोन तास गाडी चालवत गेला. कार्लिनने सगळं वाचून ठेवलेलं, आणि त्याने सांगितलं की प्रत्येक पानावर काहीतरी हसू येण्यासारखं आहे, लिहीत राहा. झालं! त्या एका वाक्याने एका इंजिनिअरचा कॉमेडियन झाला. त्या कॉमेडियनने पुढे टेपरेकॉर्डर घेऊन आलेल्या एका शाळकरी पोराला वेळ दिला, नंतर त्याला काम दिलं, शिकवलं. आणि त्या पोराने पन्नाशीत आल्यावर आधी शँडलिंगवर आणि मग कार्लिनवर डॉक्युमेंटरी केली. आपल्याकडे गाण्याच्या घराण्यात गुरूचा गुरू कोण हे जसं सांगतात तसंच हे आहे, फक्त इथे घराणं स्टँडअपचं आहे. म्हणून शँडलिंगची आधी बघा. कार्लिन त्यात थोडा वेळच येतो पण तेवढ्यात त्याच्याबद्दल जे प्रेम वाटतं ते घेऊन दुसरी बघायला बसा.

कार्लिनची डॉक्युमेंटरी अ‍ॅपटाऊने मायकल बॉनफिग्लिओबरोबर मिळून केलीय (ह्या जोडीचं आधीपण काम आहे, ते पुढे सांगते). कार्लिन आपल्याकडे माहीत आहे तो मुख्यतः यूट्यूबवरच्या म्हाताऱ्या कार्लिनमुळे, काळे कपडे, पांढरी दाढी, धर्म आणि सरकार आणि बड्या कंपन्यांवर आग ओकणारा. इथे सुरुवातीचा कार्लिन बघायला मिळतो, सूट-टाय घालून टीव्हीवर गोड गोड विनोद करणारा. त्याला भरपूर पैसा मिळत होता आणि आतून तो कुढत होता, कारण साठच्या दशकाच्या शेवटी सगळी तरुण पिढी रस्त्यावर होती आणि हा त्यांच्या आईबापांना हसवत होता. मग केस वाढवले, लास वेगासमधली कामं गेली, उत्पन्न धाडकन खाली आलं, आणि १९७२ मध्ये टीव्हीवर न बोलता येणाऱ्या सात शब्दांचा तो प्रसिद्ध तुकडा आला. मिलवॉकीला तो करून दाखवल्याबद्दल अटक झाली. तसलाच तुकडा रेडिओवर लागला म्हणून प्रकरण थेट अमेरिकेच्या सुप्रीम कोर्टात गेलं आणि १९७८ मध्ये पाच विरुद्ध चार मतांनी निकाल रेडिओच्या विरोधात लागला.

हे सगळं विकिपीडियावर पण मिळेल. डॉक्युमेंटरीत जे मिळतं ते म्हणजे घर. मुलगी केली कार्लिन समोर बसून बोलते. वडील कोकेनमध्ये, आई ब्रेंडा दारूमध्ये, आणि हवाईला सुट्टीवर गेलेले असताना ही लहान मुलगी कागद घेऊन आईबापांसाठी करारनामा लिहिते, की आता नशा नाही, भांडण नाही, आणि दोघांना सह्या करायला लावते. हा माणूस स्टेजवर सगळ्या जगाला आरसा दाखवत होता आणि घरात त्याच्या लेकीला मोठ्यांसारखं वागावं लागत होतं. तरी केलीच्या बोलण्यात कडवटपणा नाही, आणि अ‍ॅपटाऊ पण तिच्याकडून तक्रार काढून घ्यायला जात नाही. ऐकतो फक्त. शाळेतल्या रेडिओवरची सवय!

ऐंशीच्या दशकातला भाग मला सगळ्यात जास्त भिडला आणि त्याबद्दल लोक फार कमी बोलतात. तब्येत गेलेली, हार्ट अटॅक आलेले, टॅक्सची प्रचंड थकबाकी, नवे कॉमेडियन ह्याची नक्कल करून टर उडवतायत की हा संपला. टॅक्स फेडायला गावोगाव कार्यक्रम करत फिरणं भाग होतं. आणि त्या फिरण्यातूनच, रात्रीमागून रात्री लोकांसमोर उभं राहून, तो रागीट, स्पष्ट, भाषेवर जबरदस्त हुकमत असलेला कार्लिन तयार झाला, जो १९९२ च्या न्यूयॉर्कच्या कार्यक्रमात पूर्ण फुललेला दिसतो. पन्नाशी उलटल्यावर माणूस स्वतःला परत घडवू शकतो हे इतक्या तपशिलात दाखवलेलं मी दुसरीकडे बघितलेलं नाही. १९९७ मध्ये ब्रेंडा गेली, त्यानंतर त्याच्या विनोदात जो काळोख आला तो पण लपवलेला नाही.

शेवटी एक लांब माँटाज आहे, कार्लिनचा आवाज आणि त्यावर अलीकडच्या अमेरिकेतल्या घटनांची दृश्यं. बऱ्याच जणांना तो भाग फार आवडला. मला तो जरा जास्त ढकलल्यासारखा वाटला. त्याआधीचे तीन तास प्रेक्षकावर विश्वास ठेवून गेलेत, मग शेवटी एवढं ठळक करून दाखवायची गरज नव्हती. पण काम दमदार आहे हे मान्य.

आता पिक्चरांबद्दल, कारण रिव्ह्यू करिअरचा म्हटलाय तर ते सोडून चालणार नाही. अ‍ॅपटाऊच्या पिक्चरवर नेहमीची तक्रार म्हणजे लांबी. कॉमेडी दीड तासात आटपायची असते असा तिथला रिवाज, आणि ह्याचा 'नॉक्ड अप' दोन तासांच्या वर, 'धिस इज फॉर्टी' सव्वादोन, 'फनी पीपल' तर जवळजवळ अडीच तासांचा. तक्रार खरी आहे. 'फनी पीपल'चा दुसरा अर्धा भाग बघताना घड्याळाकडे लक्ष जातंच. पण ही लांबी येते कुठून ते बघा. हा कलाकारांना ऐनवेळी सुचेल ते बोलायला लावतो, कॅमेरा चालूच ठेवतो, आणि मग जे खरं निघालंय ते कापायला ह्याचा हात धजत नाही. बायको लेस्ली मॅन आणि दोन्ही मुली मॉड आणि आयरिस ह्याच्या पिक्चरमध्ये आई-मुली म्हणूनच आहेत, भांडणं घरातलीच वाटतात. 'फनी पीपल'च्या सुरुवातीला अ‍ॅडम सँडलर फोनवरून लोकांना उल्लू बनवतोय तो खराखुरा जुना व्हिडिओ आहे, एका खोलीत राहायचे तेव्हा अ‍ॅपटाऊने स्वतः काढलेला. म्हणजे पिक्चरमध्ये पण हा माणूस डॉक्युमेंटरीच करत होता. ती लांबी कथापटात अंगावर येते आणि डॉक्युमेंटरीत तीच लांबी ताकद बनते, कारण तिथे खऱ्या माणसाचं अख्खं आयुष्य आहे, त्याला चार तास द्यायला आपली काही हरकत नसते.

प्रोड्युसर म्हणून पण तेच सूत्र. क्रिस्टन विगला 'नॉक्ड अप'मध्ये छोटंसं काम होतं, ह्याने तिला सांगितलं स्वतःचा पिक्चर लिही, आणि २०११ मध्ये 'ब्राइड्समेड्स' आला, ऑस्करच्या दोन नामांकनांसकट. एमी शूमरला रेडिओवर बोलताना ऐकलं आणि तिला तिच्याच आयुष्यावर लिहायला लावलं, तो 'ट्रेनरेक'. कुमेल नानजियानी आणि त्याची बायको एमिली गॉर्डन ह्यांची खरी प्रेमकथा, ती आजारी पडून कोमात गेली आणि हा पाकिस्तानी घरातला मुलगा तिच्या आईबापांबरोबर हॉस्पिटलात बसून राहिला, ती 'द बिग सिक' (२०१७) झाली. आपल्या लोकांनी हा आवर्जून बघावा, कुमेलच्या वडिलांच्या भूमिकेत अनुपम खेर आहेत, त्यांचा पाचशेवा पिक्चर म्हणून तेव्हा आपल्याकडे बातम्या पण आल्या होत्या, आणि आई झालीय झेनोबिया श्रॉफ. मुलीचे फोटो दाखवून लग्नाचं जमवायला बघणारी आई आपल्यातल्या अनेकांच्या घरातली आहे, पण तिचं हसं केलेलं नाही. 'द किंग ऑफ स्टेटन आयलंड' (२०२०) पीट डेव्हिडसनच्या आयुष्यावर, त्याचे वडील अग्निशमन दलात होते आणि ११ सप्टेंबर २००१ च्या हल्ल्यात गेले, तेव्हा तो सात वर्षांचा होता. अ‍ॅपटाऊने डायरेक्ट केलेल्या पिक्चरांपैकी हा माझ्या मते सर्वात प्रगल्भ. 'द बबल' (२०२२) मात्र टाळा, लॉकडाऊनमध्ये अडकलेल्या शूटिंगची कॉमेडी, त्यात कुणाच्याच आयुष्याचं खरं काही नाही आणि ते लगेच जाणवतं.

बाकी डॉक्युमेंटरी थोडक्यात. 'डॉक अँड डॅरिल' (२०१६) बेसबॉलच्या दोन खेळाडूंवर आहे, ड्वाइट गुडन आणि डॅरिल स्ट्रॉबेरी, दोघं तरुणपणी न्यूयॉर्कचे देव आणि मग ड्रग्ज. बॉनफिग्लिओबरोबरची जोडी इथे जमली. बेसबॉल कळत नसेल तरी चालतं. 'मे इट लास्ट' (२०१७) नॉर्थ कॅरोलिनाच्या एव्हेट ब्रदर्स ह्या बँडवर, अल्बमचं रेकॉर्डिंग चालू असताना शूट केलेली. त्यात एक जागा आहे, मरणाबद्दलचं एक गाणं दोघा भावांनी नुकतंच रेकॉर्ड केलंय, आजूबाजूचे सगळे वा वा करतायत, आणि दोघं बाहेर येऊन अस्वस्थ उभे, की हे आपल्या आतलं एवढं दुखणं आणि त्याबद्दल आपलं अभिनंदन होतंय. कलाकार माणसाची ही अडचण इतकी सरळ टिपलेली क्वचित दिसते. आणि 'बॉब अँड डॉन' (२०२३) छोटीशी आहे, बॉब न्यूहार्ट आणि डॉन रिकल्स ह्या दोन बुजुर्ग कॉमेडियनच्या मैत्रीवर, एक सभ्य आणि दुसरा स्टेजवरून सगळ्यांचा अपमान करणारा, दोघं बायकांना घेऊन जगभर सहलीला जायचे त्याचे घरगुती व्हिडिओ आहेत. ज्यांना साडेचार तासांची भीती वाटते त्यांनी इथून सुरुवात केली तरी चालेल.

दोष पण सांगते, कारण प्रेम आहे म्हणून डोळे मिटायचे नाहीत. शँडलिंगच्या डॉक्युमेंटरीत अ‍ॅपटाऊ स्वतः त्याचा माणूस आहे, आणि काही ठिकाणी ते जाणवतं. लिंडा ड्युसेट त्याची होणारी बायको होती आणि सिरीजमध्ये कामाला पण होती, नातं तुटल्यावर तिला सिरीजमधून काढलं गेलं. ही छोटी गोष्ट नाही. एका बाईचं प्रेम आणि रोजगार दोन्ही एकदम गेलं, आणि ते ज्याच्या हातात होतं तो आपला नायक. इथे अजून थांबायला हवं होतं, तिच्या बाजूने. मॅनेजर ब्रॅड ग्रेबरोबरचा १९९८ चा कोट्यवधी डॉलरचा खटला आणि त्याचा शँडलिंगच्या मनावर झालेला परिणाम मात्र चांगला मांडलाय, पैशापेक्षा मित्राने केलेला दगा त्याला जास्त लागला हे दिसतं. दुसरा दोष म्हणजे बोलणारे स्टार फार. प्रत्येकजण येऊन तो किती महान होता हे सांगून जातो, त्यातले चार-पाच कमी केले असते तर काही बिघडलं नसतं. कार्लिनमध्ये हा प्रकार थोडा कमी आहे, कारण केली आणि कार्लिनचा मोठा भाऊ पॅट्रिक ही दोन घरची माणसं पूर्ण वजन उचलतात.

बघता बघता एक गोष्ट सारखी मनात येत होती ती लिहूनच टाकते. लक्ष्मीकांत बेर्डे जाऊन वीस वर्षं होऊन गेली, दादा कोंडके १९९८ मध्ये गेले. ह्यांच्यावर कुणी अशी चार तास बसून, घरच्या माणसांना बोलतं करून, जुन्या वह्या, पत्रं, फोटो, नाटकांची रेकॉर्डिंग्ज शोधून डॉक्युमेंटरी केली पाहिजे. अशोकमामा आहेत, महेश कोठारे आहेत, सचिन आहेत, त्यांच्याकडे सांगण्यासारखं किती असेल. पुण्यतिथीला दोन जुनी गाणी आणि चार क्लिपा लावून आपण मोकळे होतो, त्यात ते लोक विनोद घडवायचे कसे हे कुठेच नोंदलं जात नाही. कुणी तरुण डायरेक्टर हे वाचत असेल तर खरंच करा, आत्ताच करा, बोलणारी माणसं आहेत तोवर.

बघायची सोय: एचबीओचा माल आपल्याकडे ह्या अ‍ॅपवरून त्या अ‍ॅपवर जात असतो, तेव्हा आधी शोधून घ्या आणि मगच सबस्क्रिप्शन भरा. इंग्रजी सबटायटल लावूनच बघा, शँडलिंग पुटपुटतो आणि कार्लिन सुसाट बोलतो. कार्लिनची मुलांसमोर लावू नका, ते सात शब्द पहिल्यापासून शेवटपर्यंत आहेत, पण घरात सतरा-अठरा वर्षांचं कुणी लिहिणारं-बोलणारं असेल तर शेजारी बसवून दाखवा. शँडलिंगचे दोन भाग दोन वेगवेगळ्या रात्री बघा. पहिला भाग संपतो तिथे लगेच दुसरा लावायचा मोह होतो, पण दुसरा जड आहे, त्याला ताजं डोकं लागतं. 'फ्रीक्स अँड गीक्स' पण मिळाली तर बघून टाका, अठरा एपिसोडच आहेत.

शँडलिंगला माझ्याकडून पाचपैकी पाच, कार्लिनला साडेचार.